वाळूच्या गाड्यांवर मर्यादा आली? हायकोर्टात जाण्याआधी आणि गेल्यावर काय करायचं

"या घाटावर रोज वीसच गाड्यांना पास", "गावच्या रस्त्याने ट्रॅक्टर सोडून दुसरी गाडी चालणार नाही", "बाहेरच्या तालुक्याच्या टिपरची नोंद होणार नाही". वाळूचा हंगाम सुरू झाला की अशी बंधनं एका दिवसात येतात. गाडीमालक आधी तहसीलला खेटे घालतो, मग पुढाऱ्याकडे जातो आणि सगळीकडून हात हलवत परत आल्यावर वकील गाठतो. तोवर महिना गेलेला असतो, गाडीचा हप्ता थकलेला असतो आणि ज्या आदेशाने हे सगळं झालं त्याची प्रत मात्र हातात नसते.

गाडीमालक आणि ग्रामपंचायत, दोघांनीही एक गोष्ट पक्की धरून चालावं. वाळू उपसा चांगला की वाईट, हे ठरवायला कोर्ट बसत नाही. मर्यादा कुणी घातली, कुठल्या कलमाखाली घातली, कारण काय लिहिलं आणि ज्याच्या पोटावर ती आली त्याचं ऐकून घेतलं का, हे कोर्ट पाहतं. नदी वाचवण्यासाठी घातलेलं चांगलं बंधन निव्वळ कागद कच्चा असल्यामुळे रद्द होताना पाहिलं की वाईट वाटतं. तितकंच वाईट वाटतं ते रॉयल्टी भरून, जीपीएस बसवून धंदा करणारा माणूस कुणाच्या तरी तोंडी हुकमावर घरी बसतो तेव्हा. खालची माहिती महाराष्ट्रापुरती आहे.

आधी आदेशाची प्रत मिळवा

तोंडी हुकमाविरुद्ध भांडता येत नाही. "साहेबांनी सांगितलंय" एवढ्यावर याचिका उभी राहत नाही. म्हणून पहिलं काम म्हणजे तहसीलदार किंवा जिल्हा खनिकर्म अधिकाऱ्यांकडे लेखी अर्ज: माझ्या अमुक क्रमांकाच्या गाडीला वाहतूक पास का नाकारला, कुठल्या आदेशाने, त्याची प्रत द्यावी. अर्ज आवक शाखेत द्या आणि आपल्या प्रतीवर शिक्का, तारीख आणि आवक क्रमांक घेतल्याशिवाय खिडकी सोडू नका. पुढे कोर्टात ही शिक्क्याची प्रत तुमचा पहिला पुरावा ठरते.

सोबत माहितीच्या अधिकारात, १० रुपयांचं कोर्ट फी स्टॅम्प लावून, त्या फाइलमधल्या टिपण्या मागा. माहिती अधिकार अधिनियम, २००५ च्या कलम ४(१)(घ) प्रमाणे प्रशासकीय निर्णयाची कारणं बाधित माणसाला देणं हे कार्यालयाचं कर्तव्यच आहे. या कलमाचा उल्लेख अर्जात जरूर करा. उत्तराला ३० दिवस असतात, पण तोवर हातावर हात ठेवून बसायचं नाही. पुढची कामं चालू ठेवायची.

आदेश मिळाला की तो नीट वाचा. वर जावक क्रमांक असतो, बहुधा त्यात "गौखनि" (गौण खनिज) असं लिहिलेलं असतं. त्याखाली "वाचले" किंवा "संदर्भ" म्हणून एक यादी असते. बहुतेक लोक ही यादी सोडून थेट शेवटच्या परिच्छेदावर जातात. खरा मजकूर त्या यादीतच असतो. आदेश देणाऱ्याने कुठला अधिनियम, कुठला शासन निर्णय, कुठला अहवाल, कुठल्या ग्रामसभेचा ठराव पाहिला, हे त्या यादीत दिसतं. यादीत एकही कायदा नसेल आणि फक्त "प्राप्त तक्रारी" असं असेल, तर पेन्सिलने खूण करून ठेवा. शेवटी सही कुणाची आहे ते पाहा. "तहसीलदार" आहे की "तहसीलदार करिता", यानेही फरक पडतो.

मर्यादा कुठल्या कायद्यातली, हे ओळखा

सगळ्यात जास्त वेळ इथे द्या. वाळूची गाडी एकाच वेळी तीन-चार कायद्यांखाली चालते आणि प्रत्येकाचा अधिकारी, अपील आणि कोर्ट वेगळं आहे. चुकीच्या दारात गेलात तर हंगाम तिथेच संपतो.

पहिला प्रकार खनिजाच्या कायद्यातला. वाळू हे गौण खनिज. खाण व खनिज (विकास व विनियमन) अधिनियम, १९५७ च्या कलम १५ खाली राज्य सरकार गौण खनिजाचे नियम करतं, आणि कलम २३-ग खाली अवैध उपसा, वाहतूक व साठा रोखण्याचे. त्यातूनच महाराष्ट्राचे २०१३ चे गौण खनिज उत्खननाचे नियम आले. वाहतूक पास, महाखनिज या सरकारी ऑनलाइन प्रणालीवरची नोंद, जीपीएस या अटींचं मूळ खनिजाच्या या व्यवस्थेत आहे. पास देण्याचा, थांबवण्याचा, त्याला अटी घालण्याचा अधिकार महसूल आणि खनिकर्म यंत्रणेकडे आहे. ग्रामपंचायतीकडे तो नाही. वाळूचं धोरण मात्र भराभर बदलतं. २०२३ मध्ये डेपोवरून ६०० रुपये ब्रासने (एक ब्रास म्हणजे १०० घनफूट) वाळू देण्याचं धोरण आलं आणि २०२५ मध्ये पुन्हा लिलावाकडे वळण झालं. त्यामुळे आदेशात ज्या शासन निर्णयाचा हवाला आहे तो आजही लागू आहे का, हे महाराष्ट्र शासनाच्या संकेतस्थळावर तारखेनिशी तपासा. रद्द झालेल्या शासन निर्णयावर उभा असलेला आदेश कोर्टात फार वेळ टिकत नाही.

दुसरा प्रकार रस्त्याचा. जड वाहनांना बंदी, ठरावीक वेळेतच प्रवेश, अमुक टनांच्या वर मनाई, ही बंधनं मोटार वाहन अधिनियम, १९८८ च्या कलम ११५ खाली घालता येतात. सार्वजनिक सुरक्षितता, सोय किंवा रस्त्याचं, पुलाचं स्वरूप, ही त्याची कारणं. राज्य सरकारने किंवा सरकारने अधिकार दिलेल्या प्राधिकाऱ्यानेच ती घालायची असतात आणि राजपत्रात प्रसिद्ध करायची असतात. बंधन एक महिन्यापेक्षा जास्त काळाचं नसेल तर राजपत्राची गरज नाही, स्थानिक प्रसिद्धी पुरते. म्हणून "पुढील आदेशापर्यंत" अशी मुदत घातलेली आणि राजपत्रात कुठेच न आलेली बंदी दिसली, तर तो ठोस मुद्दा आहे. जिल्हादंडाधिकारी आणि पोलीस आयुक्तांना महाराष्ट्र पोलीस अधिनियमाच्या कलम ३३ खालीही वाहतूक नियमनाचे नियम करता येतात, तेही तपासा.

रस्ता कुणाचा, हेही बघा. ग्रामीण मार्ग आणि इतर जिल्हा मार्ग साधारणपणे जिल्हा परिषदेकडे असतात, प्रमुख जिल्हा मार्ग (प्रजिमा) आणि राज्यमार्ग सार्वजनिक बांधकाम विभागाकडे. ज्या रस्त्यावर बंदी घातली तो प्रजिमा असेल आणि बंदी ग्रामपंचायतीची असेल, तर मुळात तिचा त्या रस्त्यावर हक्क कुठून आला, हाच पहिला प्रश्न. बांधकाम उपविभागातून रस्त्याचा क्रमांक आणि वर्ग लेखी घ्या.

तिसरा प्रकार ग्रामपंचायतीच्या ठरावाचा, आणि इथे दोन्ही बाजूंचा सगळ्यात जास्त गैरसमज होतो. महाराष्ट्र ग्रामपंचायत अधिनियमाच्या कलम ४५ आणि त्याच्या गावसूचीप्रमाणे गावातले रस्ते, पाणी, आरोग्य याची काळजी घेणं हे पंचायतीचं काम आहे. पण गावसूचीत काम असणं म्हणजे खनिजाचे पास मोजून देण्याचा अधिकार असणं नव्हे. ठराव म्हणजे पंचायतीचं मत आणि मागणी. ते मत अधिकारी विचारात घेऊ शकतो, घ्यावंही. पण आदेश त्याने स्वतः काढायचा असतो. "ग्रामसभेचा ठराव आहे म्हणून" एवढंच कारण लिहून सही केली असेल, तर अधिकाऱ्याने स्वतःचं डोकं न वापरता दुसऱ्याच्या सांगण्यावरून निर्णय घेतला, असं कोर्टात म्हणता येतं. बेकायदा किंवा लोकांना त्रासदायक ठरावाची अंमलबजावणी कलम १४२ खाली जिल्हाधिकारी थांबवू शकतात. वाद निव्वळ ठरावाचा असेल तर हायकोर्टाआधी तिथे अर्ज करा.

अनुसूचित क्षेत्रात चित्र वेगळं. गडचिरोली, पालघर, नंदुरबारच्या पेसा गावांत १९९६ च्या पेसा कायद्याच्या (अनुसूचित क्षेत्रातल्या पंचायतींचा कायदा) कलम ४ प्रमाणे गौण खनिजाचा पट्टा किंवा लिलाव याआधी ग्रामसभेची किंवा पंचायतीची शिफारस बंधनकारक आहे. तिथल्या ग्रामसभेचा ठराव "नुसतं मत" म्हणून बाजूला सारायला जाऊ नका, तोंडघशी पडाल.

प्रत्येक खेपेमागे "रस्ता दुरुस्ती" म्हणून पावती फाडली जात असेल, तर तो मर्यादेचा नव्हे, कराचा वाद आहे. राज्यघटनेच्या अनुच्छेद २६५ प्रमाणे कायद्याच्या आधाराशिवाय कर घेता येत नाही, आणि पंचायतीला कुठले कर घेता येतात ते ग्रामपंचायत अधिनियमाच्या कलम १२४ मध्ये दिलेलं आहे. पावत्या फेकू नका, क्रमाने लावून ठेवा.

चौथा प्रकार पर्यावरण मंजुरीच्या अटींचा. २०१२ च्या दीपक कुमार निकालापासून पाच हेक्टरच्या आतल्या गौण खनिज पट्ट्यालाही पर्यावरण मंजुरी लागते. किती ब्रास काढायचे, वाहतूक कुठल्या रस्त्याने करायची, हे त्या मंजुरीच्या अटींतून येऊ शकतं. मर्यादा तिथून आली असेल तर मार्ग राष्ट्रीय हरित न्यायाधिकरणाचा, आपल्याकडे पुण्याच्या पश्चिम विभागाचा. मंजुरीविरुद्ध अपिलाची मुदत ३० दिवस. पुरेसं कारण दाखवलं तर आणखी ६० दिवस मिळू शकतात, त्यापुढे नाही.

कुणी केरळचा निकाल दाखवून "तिकडे पंचायत पास देते" म्हणालं तर सावध राहा. तिथे २००१ चा नदीकाठ संरक्षण आणि वाळू नियंत्रणाचा स्वतंत्र कायदा आहे. त्यात जिल्हा तज्ज्ञ समिती, घाटावरची कडवू समिती आणि स्थानिक संस्थांना कायद्यानेच जागा दिली आहे. तिकडचा युक्तिवाद जसाच्या तसा इकडे चालत नाही.

कोर्ट मर्यादा कशावर घासून पाहतं

अधिकार आहे असं ठरलं की प्रश्न उरतो मर्यादेच्या वाजवीपणाचा. अनुच्छेद १९(१)(छ) ने धंद्याचं स्वातंत्र्य दिलं, १९(६) ने सार्वजनिक हितासाठी वाजवी निर्बंध घालायची मुभा दिली. सार्वजनिक रस्त्यावर गाडी चालवून धंदा करणं हा नागरिकाचा हक्क आहे, ही सरकारची मेहेरबानी नव्हे, असं सर्वोच्च न्यायालयाने सगीर अहमद खटल्यात १९५४ मध्येच सांगितलं. पण खाणीचा पट्टा मिळण्याचा असा हक्क कुणाला नाही. खनिज संपत्ती लोकांची आहे, हे १९८१ च्या हिंद स्टोन निकालात स्पष्ट आहे. तुमची केस या दोन टोकांच्या मध्ये कुठे बसते, हे वकिलाशी आधी मोकळेपणाने बोला. पट्टाधारकाने मांडायचे मुद्दे वेगळे आणि नुसत्या गाडीमालकाने मांडायचे वेगळे.

मर्यादा मोजून पाहायची एक साधी रीत सांगतो. समजा घाटावर ६,००० ब्रास काढायची मंजुरी आहे आणि हंगामाचे १०० दिवस उरलेत. गाडी सरासरी ३ ब्रासची, रोज दोन खेपा. वीस गाड्या म्हणजे रोज १२० ब्रास, पन्नास दिवसांत माल संपला. अशा वेळी "वीसच का, चाळीस का नाही" या तक्रारीत कोर्ट हात घालणार नाही. मंजूर वाळू आरामात निघते आणि रस्त्यावर गर्दी कमी राहते. आता आदेशात पाचच गाड्या असतील तर रोज ३० ब्रास, शंभर दिवसांत ३,०००. म्हणजे मंजूर वाळूतली निम्मी नदीतच राहिली. नदीच्या भल्यासाठी तसं करायचं असेल तर तसं कारण आदेशात हवं. ते नसेल, आणि पाचही गाड्या एकाच माणसाच्या असतील, तर अनुच्छेद १४ चा, म्हणजे समानतेचा मुद्दा उभा राहतो. हा हिशोब एका पानावर, तक्त्यात, याचिकेला जोडा. न्यायाधीशांना मोठ्या शब्दांपेक्षा हा तक्ता लवकर पटतो.

एक सावधगिरी इथेच सांगतो. वाळू ओली-सुकी कशीही असली तरी एका ब्रासचं वजन चार टनांच्या पुढेच जातं. हिशोबात गाडीच्या आरसीवरच्या वजनापेक्षा जास्त ब्रास दाखवलेत तर आपणच ओव्हरलोडची कबुली दिली असं होईल. मोटार वाहन अधिनियमाच्या कलम १९४ चा दंड २०,००० रुपये, वर प्रत्येक जादा टनाला २,००० रुपये.

"बाहेरच्या गाड्यांना बंदी" या प्रकारच्या मर्यादेला गुजरातचा एक निकाल फार उपयोगी आहे. गुजरात सरकारने आपली वाळू राज्याबाहेर न्यायला बंदी करणारा नियम ४४-बीबी केला होता. गुजरात हायकोर्टाने तो रद्द केला आणि २०१९ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने ते कायम ठेवलं. खनिज कायद्याने राज्याला दिलेला अधिकार अवैध उपसा आणि वाहतूक रोखण्याचा आहे, रीतसर काढलेल्या वाळूची ये-जा सरसकट बंद करण्याचा नाही, हा त्यातला गाभा. राज्याला जे जमलं नाही ते तालुक्याला कसं जमेल, असा प्रश्न त्यावरून विचारता येतो. मात्र नोंदणी, जीपीएस, पास या अटी बाहेरच्या गाडीलाही लागतातच. त्यातून सूट मागू नका.

आणि मोहिंदरसिंग गिल निकाल, १९७८. आदेश ज्या कारणांवर दिला त्याच कारणांवर तो तपासायचा. नंतर प्रतिज्ञापत्रात नवी कारणं घालून त्याला ठिगळं लावता येत नाहीत. सरकारी उत्तर आलं की आदेश आणि प्रतिज्ञापत्र शेजारी ठेवा आणि आदेशात नसलेलं प्रत्येक कारण अधोरेखित करा. कोर्टात दहा मिनिटंच मिळाली तरी हे काम भागवतं.

आधी अपील, मग याचिका

आदेश जमीन महसूल संहितेखालचा असेल तर कलम २४७ चं अपील आहे: तहसीलदारांच्या आदेशावर प्रांताकडे, जिल्हाधिकाऱ्यांच्या आदेशावर विभागीय आयुक्तांकडे. जिल्हाधिकाऱ्यांपेक्षा खालच्या अधिकाऱ्याच्या आदेशाला ६० दिवस, बाकीच्यांना ९०. अपिलासोबत स्थगितीचा अर्ज द्यायला विसरू नका. अपील न करता थेट हायकोर्टात गेलात तर पहिला प्रश्न तोच येईल. अधिकारच नसताना दिलेला आदेश, न ऐकता दिलेला आदेश किंवा मूलभूत हक्काचा भंग असेल तर अपवाद होतो. तसं असेल तर याचिकेत त्याचा स्वतंत्र परिच्छेद हवा, ओझरता उल्लेख पुरत नाही.

अनुच्छेद २२६ ची याचिका विदर्भातून नागपूर खंडपीठात, मराठवाडा, अहिल्यानगर आणि खानदेशातून छत्रपती संभाजीनगरला जाते. कोल्हापूर, सातारा, सांगली, सोलापूर, रत्नागिरी, सिंधुदुर्गासाठी १८ ऑगस्ट २०२५ पासून कोल्हापूरला सर्किट बेंच आहे. बाकी मुंबईला. प्रतिवादी म्हणून राज्य सरकार, जिल्हाधिकारी, तहसीलदार आणि, ठराव मुळाशी असेल तर, ग्रामपंचायत. पंचायतीला बाहेर ठेवून तिच्या ठरावाविरुद्ध आदेश मागितलात तर तारीख वाया जाईल.

मागणी नेमकी लिहा. "आम्हाला तीस पास द्यावेत" अशी मागणी करू नका, पास मोजून देणं हे कोर्टाचं काम नाही. आदेश रद्द करावा, आमचं म्हणणं ऐकून ठरावीक आठवड्यांत कारणांसह नवा निर्णय घ्यावा, तोवर आदेशाच्या अंमलबजावणीला स्थगिती द्यावी. अशी मागणी मंजूर होण्याची शक्यता कितीतरी जास्त. जोडपत्रांत आदेश, आवक शिक्क्याचे अर्ज, आरसी, फिटनेस, विमा, महाखनिजवरची नोंद, जीपीएसचा पुरावा, आधीचे पास आणि तो हिशोबाचा तक्ता. गाडीवर पूर्वी दंड झाला असेल तर तो स्वतःहून सांगा. समोरच्याने तो काढून दाखवला की बाकी सगळं खरं असूनही कोर्टाचा विश्वास उडतो.

मुदत कायद्यात लिहिलेली नसली तरी उशीर नडतो. हंगाम संपता संपता आलेल्या याचिकेत स्थगिती मिळणं अवघड.

याचिका प्रलंबित असताना पासशिवाय गाडी काढू नका. "केस चालू आहे" हे रात्री दोन वाजता नाक्यावर कुणी ऐकत नाही, आणि ऐकूही नये. गाडी पकडली तर जमीन महसूल संहितेच्या कलम ४८(७) खाली खनिजाच्या बाजारमूल्याच्या पाचपटीपर्यंत दंड, आणि ४८(८) खाली गाडी सोडवायला वेगळी रक्कम: २०१८ पासून ट्रॅक्टरला १ लाख, डंपर किंवा मोठ्या ट्रकला २ लाख, शिवाय जातमुचलका. जप्तीचा अधिकार जिल्हाधिकाऱ्यांना किंवा त्यांनी प्राधिकृत केलेल्या, तहसीलदारापेक्षा खालच्या दर्जाच्या नसलेल्या अधिकाऱ्याला आहे. पंचनाम्यात वेळ, ठिकाण, ब्रास, पंचांची नावं भरलेली आहेत का ते पाहूनच ड्रायव्हरने सही करावी. कोऱ्या कागदावर सही करू नये.

ग्रामपंचायतीला बंधन टिकवायचं असेल तर

नदीकाठच्या गावांचं दुखणं खरं आहे. पात्र खोल गेलं की काठच्या विहिरींचं पाणी उतरतं, शाळेसमोरून दिवसभर डंपर जातात, नवा डांबरी रस्ता एका हंगामात उखडतो. या गावांनी कोर्टात हरू नये असं मला मनापासून वाटतं, म्हणून हे सांगतो.

"वाळूच्या गाड्यांना बंदी" असा ठराव करू नका. पुलाची भारक्षमता, रस्त्याची रुंदी, शाळा सुटण्याची वेळ, विहिरींच्या पाण्याची तारखेनिशी मोजणी हे ठरावात लिहा आणि ज्याला अधिकार आहे त्याच्याकडे नेमकी मागणी करा. कलम ११५ खाली जड वाहनांच्या वेळा ठरवण्याची मागणी करायची झाल्यास ती आधी लेखी जिल्हाधिकाऱ्यांकडे द्या. त्या कलमाखालचा अधिकार आपल्या जिल्ह्यात कुणाला दिलाय, तेही त्याच पत्रात विचारा. पासांची संख्या ठरवण्याची मागणी जिल्हाधिकारी आणि खनिकर्म अधिकाऱ्यांकडे. मंजुरीपेक्षा जास्त उपसा होत असेल तर हरित न्यायाधिकरणाकडे. पुलाबद्दल बांधकाम विभागाच्या अभियंत्याचं पत्र मिळालं तर फारच चांगलं. एका अभियंत्याच्या सहीचं वजन शंभर सह्यांच्या निवेदनापेक्षा कोर्टात जास्त पडतं.

ठरावाच्या सभेची नोटीस, गणपूर्ती, हजेरीच्या सह्या जपून ठेवा. ज्यांच्या गाड्या आहेत त्या गावकऱ्यांनाही बोलू द्या आणि त्यांचं म्हणणं इतिवृत्तात घ्या. सदस्यांपैकी कुणाची स्वतःची किंवा घरच्यांची गाडी असेल, तर त्याने त्या विषयावर मत देऊ नये. आणि बंधन सगळ्या गाड्यांना सारखं ठेवा. गावच्या टिपरला वाट मोकळी आणि शेजारच्या तालुक्याच्या टिपरला अडवणूक असं दिसलं, तर विहिरींची मोजणी कितीही पक्की असली तरी कोर्ट आधी त्या भेदभावाचं उत्तर मागेल.